शेजारधर्म, भय आणि विनोद

शेजारी हा मनुष्य भयकथेला आणि विनोदाला सारखाच उपयोगी पडतो. कारण त्याच्याविषयी आपणांस पुष्कळ ठाऊक असते, पण नेमके जे ठाऊक असावयास हवे तेवढेच ठाऊक नसते. चित्रकथेत हे अज्ञान दोन चौकटींमधल्या कोऱ्या पट्टीत वसते. पहिल्या चौकटीत वाटीभर साखर मागावयास शेजारीण आत शिरली, दुसरीत तिच्यामागे दार लोटले गेले, आणि तिसरीत ती साखर सांडीत परतली तर वाचक स्वतःच्याच कुशंकेला हसतो. तिसरीत उंबरठ्यावर नुसती वाटीच दिसली, तर मात्र त्याच्या अंगावर काटा येतो.

व्यंगचित्रकार चार्ल्स ॲडम्सने १९४६ च्या डिसेंबरात ‘न्यूयॉर्कर’ साप्ताहिकात हेच एका चित्रात साधले. दाराशी नाताळची गाणी गाणारी भाविक मंडळी, वर गच्चीवर उकळती कढई कलती करणारे घरधनी. ओतण्याचा क्षण त्याने काढलाच नाही. पुढे ज्या प्रकाशनसंस्थेने १९५० मध्ये ‘टेल्स फ्रॉम द क्रिप्ट’ ही भयचित्रकथा एका कोटीबाज पिशाच्चवत् निवेदकाच्या तोंडी दिली, तिनेच १९५२ मध्ये ‘मॅड’ हे विनोदी प्रकाशन काढले. चित्रकथांसाठीच्या १९५४ च्या आचारसंहितेने पहिल्यावर गदा आणली, दुसरे मासिकाचे रूप घेऊन तगले.

आमच्या जबलपूरच्या मुलखात याहून अस्सल कथावस्तू दप्तरांत पडून आहे. ठगांच्या बंदोबस्तासाठी ज्याने पुढे जबलपुरास ठाणे दिले, तो विल्यम स्लीमन १८२२ ते १८२४ या काळात नरसिंहपूर जिल्ह्याचा मुलकी अंमलदार होता. साधी चोरीदेखील आपल्या नजरेतून सुटत नाही अशी त्याची खात्री होती. आणि त्याच्या कचेरीपासून चारशे यार्डांच्या आत, कंदेली गावात, ठगांची टोळी सुखाने नांदत होती, हे त्याला पुढे कळले. त्याहून विलक्षण गोष्ट ही की, ठगांतलेच माफीचे साक्षीदार नंतर जबलपुरात तंबू व गालिचे बनवू लागले. म्हणजे ते खुद्द शहराचेच शेजारी झाले.

या प्रकरणाची चित्रकथा रचणाऱ्याने एक पथ्य पाळावे. ठगाचा गळा आवळण्याचा रुमाल हास्यास्पद केला तर वाटेवर मारल्या गेलेल्या प्रवाशांचा उपमर्द होईल. हसावयाचेच, तर अंमलदाराच्या त्या निःशंक खात्रीला हसावे, आणि रुमाल कथेच्या अखेरपर्यंत निमूटपणे खांद्यावरच असू द्यावा.