शंभर ग्रॅम गॅस

दूध उतू जातं, बर्नरवर सांडतं आणि ज्योत विझते. घरातलं माणूस बाहेरच्या खोलीत फोनवर. शेगडीचं बटण चालूच असतं, गॅस येतच राहतो. खिडकी बंद असेल, तर तो किती साठला की धोका सुरू होतो? याचं उत्तर अंदाजपंचे देण्याची गरज नाही. अकरावीच्या पुस्तकातल्या एका समीकरणावर ते कागदावर काढता येतं.

शहरी घरातलं दहा फूट बाय आठ फुटांचं स्वयंपाकघर घ्या, उंची नऊ फूट. घनफळ झालं ७२० घनफूट, म्हणजे सुमारे २०,००० लिटर. हवेत एलपीजीचं प्रमाण साधारण २ टक्क्यांवर गेलं, की एक ठिणगी पुरते. २०,००० लिटरचे २ टक्के म्हणजे ४०० लिटर गॅस. आता या लिटरचे ग्रॅम करायचे.

इथे वायूंचे नियम मदतीला येतात. दाब आणि आकारमानाचं नातं रॉबर्ट बॉइलनं १६६२ मध्ये मांडलं. समान तापमान आणि दाब असताना कोणत्याही वायूच्या समान आकारमानात रेणूंची संख्या समान असते, हे अव्होगाद्रोनं १८११ मध्ये सुचवलं. हे सगळे धागे क्लॅपेरॉननं १८३४ मध्ये एकत्र गुंफले. त्यातूनच आजचं PV = nRT आलं. २७ अंश सेल्सिअस म्हणजे ३०० केल्विन आणि नेहमीचा वातावरणीय दाब घातला, की एक मोल वायू २४.६ लिटर जागा व्यापतो. मग तो ऑक्सिजन असो की ब्यूटेन. म्हणजे ४०० लिटरमध्ये १६ मोलहून थोडा अधिक गॅस. एलपीजी हे प्रोपेन आणि ब्यूटेनचं मिश्रण असल्यानं त्याचा एक मोल ५२ ग्रॅमच्या आसपास भरतो. गुणाकार करा: जेमतेम साडेआठशे ग्रॅम. १४.२ किलोच्या टाकीचा हा सोळावा हिस्सासुद्धा नाही.

हिशेब बरोबर आहे, पण त्यात एक गृहीत दडलेलं आहे. गॅस खोलीभर सारखा पसरला, असं आपण धरलं. प्रत्यक्षात हवेचा एक मोल २९ ग्रॅमचा आणि एलपीजीचा ५२ ग्रॅमचा. जवळजवळ पावणेदोन पट जड असलेला हा गॅस खाली उतरतो आणि वारा नसेल तर फरशीलगत साचतो. फक्त खालच्या एक फुटाचा विचार केला, तर जागा एक नवमांश उरते आणि लागणारा गॅसही तेवढाच कमी: सुमारे ९५ ग्रॅम. मोठा बर्नर तासाला दीडशे ग्रॅमच्या आसपास गॅस सोडतो. म्हणजे बंद खोलीत चाळीस मिनिटांच्या आत ही वेळ येऊ शकते. दारांच्या फटींतून थोडा गॅस बाहेर जातो आणि थराची सीमा काही रेघ मारल्यासारखी नसते, त्यामुळे आकडा मागेपुढे होईल. पण खाली फ्रिजचा कॉम्प्रेसर आहे, कोपऱ्यात समई तेवत असेल, हे विसरून चालणार नाही.

म्हणूनच गॅसमध्ये एथिल मरकॅप्टन मिसळतात. धोक्याच्या पातळीच्या बऱ्याच आधी त्याचा उग्र दर्प नाकाला जाणवतो. तो आला की दिवा लावायचा नाही आणि लागलेला असेल तर मालवायचाही नाही, कारण दोन्ही वेळा बटणात ठिणगी पडू शकते. शेगडीचं बटण आणि रेग्युलेटर बंद करायचा, दारं-खिडक्या सताड उघडायच्या, बाहेर पडायचं आणि मग १९०६ या आपत्कालीन क्रमांकावर फोन करायचा.

हेच समीकरण टाकीच्या आत मात्र लागू पडत नाही, आणि त्याचं कारण फार सुंदर आहे. टाकीतला सगळा एलपीजी बाहेर मोकळा सोडला, तर त्याचे सुमारे ६,७०० लिटर होतील. टाकीत जागा आहे ३३ लिटरची. तो वायुरूपातच कोंबायचा म्हटला, तर समीकरणानुसार २०० पट दाब लागेल आणि घरगुती टाकीचा पत्रा तो पेलणार नाही. पण थोड्याशा दाबानं एलपीजी द्रव होतो, आणि द्रवाला हे समीकरण लागू नाही.

ऑक्सिजनच्या जंबो सिलिंडरचं उलट असतं. साधारण ४७ लिटरच्या जाड पोलादी नळकांड्यात तो वायूच राहतो, दीडशे पट दाबाखाली. म्हणून गेजवरचा आकडा गुणिले ४७ केलं, की उरलेले लिटर कळतात. भरलेल्या सिलिंडरमध्ये सुमारे ७,००० लिटर. मिनिटाला १० लिटर लागत असतील तर साडेअकरा तास. २०२१ च्या एप्रिल-मेमध्ये, कोविडच्या लाटेत, रुग्णाच्या उशाशी बसलेल्या कितीतरी नातेवाइकांचा जीव याच गुणाकार-भागाकारात अडकला होता.

स्वयंपाकाच्या टाकीला मात्र असं गेज लावून उपयोग नाही. तळाशी थोडाही द्रव शिल्लक असेपर्यंत आतला दाब जवळपास तोच राहतो आणि मग एकदम उतरतो. तिथे तराजूच हवा. टाकीवर तिचं रिकामं वजन नोंदलेलं असतं. टाकी येते तेव्हा ती वजन करून घ्यावी आणि त्यातून ते वजा करावं. उरलेला आकडा १४.२ यायला हवा.