मालकाच्या सहीचं पुस्तक

दक्षिण आफ्रिकेतल्या वर्णद्वेषी राजवटीचा विषय निघाला की ‘फक्त गोऱ्यांसाठी’ अशा पाट्या आठवतात. पाटी पाहून माणूस वाट तरी बदलू शकतो. खिशातल्या पासबुकापासून, म्हणजे शहरात राहण्या-फिरण्याच्या परवान्यापासून, मात्र सुटका नव्हती.

काळे लोक तिरस्काराने त्याला ‘डोमपास’ म्हणत. १९५२ च्या कायद्याने ते १६ वर्षांवरच्या प्रत्येक आफ्रिकन पुरुषाला सक्तीचं केलं. गंमत म्हणजे त्या कायद्याच्या नावातच ‘पास रद्द करणे’ असे शब्द होते! पुस्तकात फोटो, कराच्या आणि नोकरीच्या नोंदी. बोटांचे ठसे प्रिटोरियातल्या कचेरीत. (ठशांची ही विद्या आपल्याकडची. बंगाल पोलिसांत अझीझुल हक आणि हेमचंद्र बोस यांनी वर्गीकरण बसवलं, नाव मात्र साहेबाचं, एडवर्ड हेन्रीचं झालं. १९०० मध्ये हेच हेन्री जोहान्सबर्गची पोलीस व्यवस्था लावायला गेले.)

खरी मेख मालकाच्या पानावर होती. तिथे दर महिन्याला त्याची सही लागे. परवानगीशिवाय शहरात ७२ तासांवर थांबणं गुन्हा. कायम राहायचं तर जन्म तिथला हवा, किंवा एकाच मालकाकडे सलग १० वर्षं चाकरी, नाहीतर १५ वर्षांचं अखंड, कायदेशीर वास्तव्य. नवव्या वर्षी मालकाशी बिनसलं, तर चाकरीची मोजणी पुन्हा पहिल्यापासून. अशा माणसाने पगारवाढ कोणत्या तोंडाने मागायची? खाणींना आणि कारखान्यांना स्वस्त मजूर मिळत राहिले. बाप्ये शहरातल्या कामगार-वसतिगृहांत, बायकापोरं दूर राखीव प्रदेशात, संसार रजेपुरता. माझ्या मते या पुस्तकाचं सर्वांत मोठं पाप हेच, अटकांपेक्षाही मोठं. आणि अटका तरी किती? साऱ्या पास-कायद्यांखाली पकडलेल्यांचा आकडा दीड कोटीच्या वर जातो.

विरोध जुना होता. तिथल्या भारतीयांनी गांधीजींच्या नेतृत्वाखाली १९०८ मध्ये जोहान्सबर्गच्या हमीदिया मशिदीच्या आवारात आपली नोंदणीपत्रं जाळली. ब्लूमफाँटेनच्या बायका १९१३ मध्ये पासविरुद्ध रस्त्यावर उतरल्या. पुढे बायकांवरही पासबुक लादायचं ठरलं, तेव्हा ९ ऑगस्ट १९५६ रोजी सुमारे २० हजार जणी प्रिटोरियात सरकारच्या दारात जाऊन अर्धा तास नि:शब्द उभ्या राहिल्या. २१ मार्च १९६० ला शार्पव्हिलमध्ये लोक पास घरी ठेवून, ‘करा अटक’ म्हणत ठाण्यावर गेले. पोलिसांनी गोळ्या झाडल्या. अधिकृत आकड्यानुसार ६९ मेले, कित्येकांना पाठीत गोळी लागलेली. त्यानंतर काही दिवसांतच आफ्रिकन नॅशनल काँग्रेसचे नेते अल्बर्ट लुथुली यांनी आपला पास जाहीरपणे जाळला.

पास-कायदे १९८६ मध्ये गेले. जन्मलेल्या प्रत्येक मुलाची वंशानुसार नोंद करणारा १९५० चा कायदा मात्र १९९१ पर्यंत चालू होता.