चेहरा नसलेली बारा पानं

ऑगस्ट १९३९. पॅरिसमध्ये ‘व्होग’च्या स्टुडिओत छायाचित्रकार होर्स्ट यांनी एका कॉर्सेटचा फोटो काढला. पाठमोरी स्त्री, झुकलेली मान, सैल सुटलेल्या नाड्या. काम आटोपून त्यांनी पॅरिस सोडलं. थोड्याच दिवसांत महायुद्ध सुरू झालं. ‘मेनबोशे कॉर्सेट’ या नावाने तो फोटो आज छायाचित्रकलेच्या इतिहासात मानाने बसला आहे. निघाला होता मात्र अंतर्वस्त्र दाखवण्यासाठीच.

फ्रेंच अंतर्वस्त्रांची जुनी कॅलेंडरं जमवणाऱ्यांची बाजू समजून घ्यायची तर सुरुवात इथून करावी.

या संग्रहांत हमखास आढळणारं नाव म्हणजे ‘ओबाद’. या कंपनीने १९९२ मध्ये ‘मोहिनीचे धडे’ अशा अर्थाची जाहिरातमालिका सुरू केली. एर्वे लेविस यांचे कृष्णधवल फोटो, सोबत धड्याचा क्रमांक आणि एका ओळीचा सल्ला. कॅलेंडरं त्यातूनच आली. चांगल्या पानावर उजेड एका बाजूने येतो, कमरेचा बाक अर्धा अंधारात जातो आणि लेसची नक्षी त्वचेवर सावलीसारखी उमटते. रंग नसल्याने नजर कापडाच्या पोतावर आणि रेषेवर थांबते. वर्ष उलटलं तरी हे पान फेकवत नाही, ते यामुळे.

पण या फोटोंत चेहरा नसतो. चौकट मानेखालीच संपते. शरीराचा शिल्पासारखा विचार करण्याची ही जुनी रीत आहे, असं संग्राहक म्हणतात, आणि ते खरंही आहे. तरी मॅन रे यांच्या १९२४ च्या प्रसिद्ध पाठमोऱ्या छायाचित्रात मॉडेल किकी आहे. तिचं नाव जगाला ठाऊक आहे. ओबादच्या पानावरची स्त्री निनावीच राहते. २०१८ च्या डिसेंबरात पॅरिसच्या ‘गॅलरी लाफाएत’वर ओबादचं भव्य पोस्टर लागलं, तेव्हा समानतेचं खातं सांभाळणाऱ्या उपमहापौरांनी त्यावर जाहीर आक्षेप घेतला. मला तो आक्षेप रास्त वाटतो, आणि छायाप्रकाशाची ती करामतही खरी वाटते. संग्रह करणाऱ्याने दोन्ही मान्य करून पान उघडावं.

तुलनेसाठी १९७२ चं पिरेली कॅलेंडर पाहावं. कंपनी इटालियन, टायरची. पण फोटो पॅरिसमध्ये काढलेले आणि छायाचित्रकार फ्रेंच, सारा मून. पिरेलीसाठी कॅमेरा हाती घेणाऱ्या त्या पहिल्या स्त्री. स्वतः मॉडेल राहिलेल्या मून यांच्या चित्रांत धूसर खोल्या आहेत, विचारात हरवलेले चेहरे आहेत. त्यातल्या स्त्रिया कुणासाठी उभ्या आहेत असं वाटतच नाही. माझ्या मते या प्रकारातलं सर्वांत सुंदर काम तेच.

जुनं कॅलेंडर घेताना भिंग जवळ असावं. त्याखाली छपाईचे ठिपके दिसतात. हा डार्करूममधला प्रिंट नव्हे, छापील प्रत आहे, आणि किंमत त्याच हिशेबाने द्यावी. बाराही पानं, मुखपृष्ठ आणि असल्यास मूळ पाकीट हवं. एखादं पान फ्रेमसाठी कापलेलं असेल तर संच मोडला. उन्हात टांगलेल्या प्रतींचा कागद पिवळा पडतो आणि या फोटोंतला उठाव कमी होतो. कॅलेंडर आम्लमुक्त कागदात, आडवंच ठेवावं. वापरायचंच असेल तर १९९८ चं कॅलेंडर २०२६ मध्ये वारासकट जुळतं. फक्त ईस्टर १२ ऐवजी ५ एप्रिलला धरायचा.