कुंभार्ली घाटापलीकडचा कायदेपंडित

एक अविवाहित माणूस स्वकष्टाची जमीन मागे ठेवून वारला. आई आणि वडील दोघेही हयात. जमीन कोणाची? घराणे मुंबई बेटावरचे किंवा गुजरातचे असेल तर १९५६ पूर्वी कोर्ट सांगे, वडिलांची. रत्नागिरी जिल्ह्यात आणि घाटावरच्या मराठी मुलुखात, म्हणजे साताऱ्याकडच्या पाटणच्या बाजूला, तीच जमीन आईची. हिंदू कायदा एकच म्हणायचा, पण मुंबईकडे नीलकंठभट्टाचा ‘व्यवहारमयूख’ वरचढ आणि इकडे विज्ञानेश्वराची ‘मिताक्षरा’. नीलकंठ सतराव्या शतकात काशीत लिहीत होता, मूळ घराणे पैठणचे. विज्ञानेश्वर त्याच्या पाचशे वर्षे आधीचा, कल्याणीच्या चालुक्यांच्या राज्यातला. सातबाऱ्यावर कोणाचे नाव चढायचे ते या दोन पंडितांच्या मतभेदावर ठरत होते.

हा मतभेद मुळापासून उलगडणारा माणूस पाटणहून फार दूरचा नव्हे. कोयनानगर मागे टाकून कुंभार्ली घाट उतरला की चिपळूण, आणि चिपळूणजवळच्या परशुराम-पेढ्याच्या परिसरात १८८० साली पांडुरंग वामन काणे जन्मले. दापोलीत शाळा, मुंबईत विल्सन कॉलेज. रत्नागिरीत त्यांनी शाळामास्तरकी केली, पुढे एलएल.बी. होऊन १९११ पासून मुंबई हायकोर्टात वकिली केली आणि काही वर्षे सरकारी लॉ कॉलेजात कायदा शिकवला. तुलनात्मक कायद्याचे नाव काढले की आपल्याला परदेशी विद्यापीठे आठवतात. काण्यांची तुलना मात्र कोर्ट आणि पोथी यांच्यामध्ये उभी राहिली, आणि मला ती जास्त मोलाची वाटते, कारण तिच्या निष्कर्षांवर इथल्या माणसांची घरे-शेते अवलंबून होती.

१९२६ साली त्यांनी ‘व्यवहारमयूख’ संपादून काढला. त्याच्या प्रस्तावनेच्या तयारीतूनच ‘हिस्टरी ऑफ धर्मशास्त्र’ या त्यांच्या ग्रंथाची कल्पना निघाली. कात्यायनाची स्मृती तर हरवलेलीच होती. नंतरच्या निबंधकारांनी ठिकठिकाणी उद्धृत केलेले तिचे व्यवहारविषयक, म्हणजे न्यायदानाचे, श्लोक त्यांनी वेचले, पाठभेद लावले, विषयवार बसवले आणि १९३३ मध्ये छापले. दावा कसा मांडावा, साक्षीदार कोणते ग्राह्य, लेख कधी पुरावा ठरतो, हे सांगणारा एक लुप्त ग्रंथ असा पुन्हा वाचता येऊ लागला.

‘हिस्टरी’चा पहिला खंड १९३० चा, पाचवा १९६२ चा, सगळी मिळून साडेसहा हजारांच्या आसपास पाने. व्यवहार, दाय म्हणजे वारसा, राजधर्म हे तिसऱ्या खंडात. एका वचनाखाली टीकाकारांची मते, शेजारी हायकोर्ट आणि प्रिव्ही कौन्सिलचे निवाडे, आणि साहेब न्यायाधीशाचा अर्थ मूळ संस्कृताशी जुळत नसेल तर तसे स्पष्ट म्हणणे, ही त्यांची रीत. अडचणीचे वचन त्यांनी दडवले नाही. नियोग (निपुत्रिक स्त्रीने दिराकडून अपत्य मिळवणे), कलिवर्ज्य (कलियुगात निषिद्ध ठरवलेले जुने आचार) ही प्रकरणे वाचली की शास्त्र पूर्वीपासून बदलत आले आहे हे पुराव्यानिशी दिसते. हिंदू कायद्याच्या सुधारणेला ‘शास्त्रविरुद्ध’ म्हणणाऱ्यांना याहून भक्कम उत्तर सापडणे कठीण.

१९५३ ते १९५९ ते राज्यसभेचे नामनिर्देशित सदस्य होते. त्याच काळात, १९५६ मध्ये, संसदेने हिंदू वारसा कायदा केला. त्याने मयूख-मिताक्षरेची प्रादेशिक वाटणी संपवली. आई पहिल्या वर्गातली वारस झाली, वडील दुसऱ्या. १९६३ साली काण्यांना भारतरत्न मिळाले. पाचवा खंड हातावेगळा झाला तेव्हा ते ब्याऐंशी वर्षांचे होते. मराठीत या ग्रंथाचा सारांश राज्याच्या साहित्य संस्कृती मंडळाने प्रसिद्ध केला आहे. साताऱ्या-सांगलीकडे वकिलीची सनद घेऊ पाहणाऱ्या मुलामुलींनी निदान त्यातला व्यवहाराचा भाग वाचायलाच हवा.