बालकलाकार ते सूत्रसंचालक

झी मराठीवरच्या ‘सारेगमप लिटिल चॅम्प्स’ (२००८-०९) या बालगायकांच्या स्पर्धेची सूत्रं पल्लवी जोशीकडे गेली, ही निवड अचूकच म्हणायची. कॅमेऱ्यासमोरचं बालपण तिनं स्वतः अनुभवलेलं. भाऊ अलंकार म्हणजे ‘दीवार’मधला छोटा विजय. ‘अंताक्षरी’च्या सूत्रसंचालनानं गाण्यांचा खेळ रंगवण्याचा सरावही झालेला. शिवाय ती निर्माती: नौदलावरची हिंदी ‘आरोहण’, पुढे मराठीत ‘असंभव’. गुण देण्याचं काम अवधूत गुप्ते आणि वैशाली सामंत यांचं. पल्लवी पोरांशी गप्पा मारायला मोकळी. स्पर्धकांत अलिबागची मुग्धा वैशंपायन होती, अंतिम पाचांत सर्वांत लहान, सगळ्यांची ‘लिटिल मॉनिटर’. महाअंतिम फेरीत पाचही जण गायले. जिंकली आळंदीची कार्तिकी गायकवाड.