लेन्स गेलेला पीएस टू

पेण-रोह्याकडच्या एखाद्या घरात माळ्यावर पडून असलेला प्लेस्टेशन टू खाली काढून लावला, तर तो बहुतेक वेळा चालू होतो. लाल दिवा हिरवा होतो, टीव्हीवर ओळखीची निळी सुरुवात दिसते. अडचण पुढे येते. डिस्क घातली की आत फिरल्याचा आवाज, दोन-तीनदा टकटक, आणि मग डिस्क ओळखता येत नसल्याचं सांगणारा तो लाल पडदा. दुकानात नेलं की एका वाक्यात निदान होतं: लेन्स गेली.

निदान बरोबरच असतं. रायगडात वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो आणि तो जवळजवळ सगळा चार महिन्यांत. पेणच्या कारखान्यांत श्रावणात गणपतीच्या मूर्ती वाळता वाळत नाहीत, ती ओल घरातल्या यंत्रांनाही सोडत नाही. पीएस टूची लेन्स म्हणजे हरभऱ्याएवढा प्लास्टिकचा थेंब. तिच्यावर दमट धुळीचा थर बसतो, ती ज्या दांड्यांवरून सरकते त्यांच्यावरचं ग्रीस चिकट होतं, लेझरही वयाप्रमाणे मंदावतो. डिस्कची गत तशीच. पाकिटात चिकटून राहिलेल्या डिस्कवर बुरशी चढते आणि कडेने ओल आत शिरली की चकाकणारा धातूचा थर खराब होतो. तो पुसून परत येत नाही.

पण यात बिघडतो तो मशीनचा एकच भाग. मदरबोर्ड, मेमरी कार्डाचा खाचा, यूएसबीची भोकं, स्लिम मॉडेलच्या मागचं लॅनचं भोक हे सगळं सहसा शाबूत असतं. मग डिस्कवरची माहिती दुसऱ्या वाटेने आत नेता येईल का? येते, आणि ती कशी हे समजून घेतलं तर पुढची निम्मी डोकेदुखी टळते.

पीएस टूची मुख्य मेमरी ३२ एमबी. साध्या डीव्हीडीवर मावतात ४.७ जीबी. म्हणजे गेम कधीच पूर्ण आत येत नाही. पुढची गल्ली, पुढचं गाणं, पुढची चित्रफीत लागेल तशी मशीन डिस्ककडून मागत राहतं. ही मागणी मुख्य प्रोसेसर स्वतः पुरवत नाही. आत दुसरा एक छोटा प्रोसेसर आहे, मुळात पहिल्या प्लेस्टेशनचा, आणि डिस्क, मेमरी कार्ड, यूएसबी ही सगळी ये-जा तो सांभाळतो. गेम त्याला सांगतो, ‘मला ४५,००० क्रमांकाचा सेक्टर दे.’ एक सेक्टर २,०४८ बाइटचा. लेन्स त्या जागी जाते, वाचते, माहिती वर पाठवते.

ओपन पीएस टू लोडर नावाचा फुकट प्रोग्राम, ज्याला सगळे ओपीएल म्हणतात, नेमका इथे हात घालतो. डिस्क वाचणारा सॉफ्टवेअरचा तुकडा बाजूला काढून तो त्या जागी स्वतःचा बसवतो. गेम पूर्वीसारखाच ४५,००० वा सेक्टर मागतो. ओपीएल पेनड्राइव्हवरच्या फाइलीत ती जागा शोधतो. पेनड्राइव्हचा सेक्टर ५१२ बाइटचा, म्हणजे डिस्कच्या एका सेक्टरमागे चार. फाइल जिथे सुरू होते तिथून १,८०,००० सेक्टर पुढे जायचं आणि तिथलं उचलून द्यायचं. गेमला यातलं काही कळत नाही.

या हिशोबात एक गोष्ट गृहीत धरलेली आहे: फाइल सलग आहे. तुम्ही पेनड्राइव्हवरून दोन गेम उडवले आणि मोकळ्या झालेल्या जागेत तिसरा मोठा गेम भरला, तर संगणक त्याचे तुकडे करून जिथे जागा मिळेल तिथे ठेवतो. संगणकाला ते चालतं. ओपीएलचा हिशोब मात्र चुकतो, म्हणून तो गेम सुरू करायलाच नकार देतो. नव्या आवृत्त्या थोडेफार तुकडे सांभाळून घेतात. तरी माझा आग्रह असा की पेनड्राइव्ह आधी फॉरमॅट करावा, मग एका वेळी एकच गेम कॉपी करावा आणि अधूनमधून खोडाखोड करू नये. बदल हवा असेल तर सगळं रिकामं करून पुन्हा भरावं. वेळ जातो, पण ‘गेम दिसतो पण चालत नाही’ या तक्रारीचं सर्वांत मोठं कारण इथेच संपतं.

फॉरमॅट फॅट-३२ ठेवावा, कारण तो ओपीएलच्या सगळ्या आवृत्त्यांना कळतो. त्याची मर्यादा अशी की एक फाइल ४ जीबीपेक्षा मोठी चालत नाही. बरेच गेम त्याच्या आत बसतात, पण ‘गॉड ऑफ वॉर टू’सारखा दोन थरांच्या डीव्हीडीवरचा गेम बसत नाही. त्यासाठी यूएसबीयूटिल नावाचा प्रोग्राम गेमचे १-१ जीबीचे तुकडे करतो आणि त्यांची यादी एका छोट्या फाइलीत लिहून ठेवतो. ओपीएल ती यादी वाचून तुकडे जोडतो. अलीकडच्या ओपीएलला एक्सफॅटही कळतो, तिथे हा उपद्व्याप लागत नाही.

डिस्कची फाइल करणं सोपं आहे. पीएस टूच्या डिस्क साध्या संगणकाच्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये वाचता येतात, आणि मशीनच्या थकलेल्या लेन्सला न जुमानणारी डिस्क तिथे अनेकदा नीट वाचली जाते. इमेजबर्नसारख्या प्रोग्रामने तिची आयएसओ फाइल करायची. पेनड्राइव्हवर इंग्रजी मोठ्या अक्षरांत सीडी आणि डीव्हीडी असे दोन फोल्डर करायचे. ज्या डिस्कची खालची बाजू निळी, ती सहसा सीडी. चंदेरी असेल तर डीव्हीडी. ज्याची त्याची फाइल त्या फोल्डरमध्ये. हे आपल्या विकत घेतलेल्या डिस्कचंच करावं. कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम ५२ नुसार, संगणक प्रोग्रामची प्रत ज्याच्याकडे रीतसर आहे त्याला ती नष्ट वा खराब होण्यापासून बचाव म्हणून राखीव प्रत काढता येते. बुरशी लागण्याआधी काढलेली प्रत हा त्याचा अगदी सरळ उपयोग आहे. भारतासाठी म्हणून निघालेल्या गेमबद्दल तर मला हे फार तळमळीने सांगावंसं वाटतं. कबड्डी आणि विटी-दांडू असलेला ‘देसी अड्डा’, मुंबईच्या ट्राइन गेम्सचा ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ अशा डिस्क आता पुन्हा छापल्या जाणार नाहीत. ज्यांच्या कपाटात त्या आहेत त्यांनी येत्या पावसाळ्याची वाट पाहू नये.

आता ओपीएल मशीनमध्ये सुरू कसा करायचा? पीएस टू चालू होताना मेमरी कार्डावर एखादा सिस्टीम अपडेट आहे का हे तपासतो. सोनीने स्वतःच ठेवलेली ही सोय. फ्री मॅकबूट हा प्रोग्राम त्या अपडेटचं रूप घेऊन कार्डावर बसतो, त्यामुळे डिस्क न घालताच ओपीएलचा मेनू समोर येतो. लेन्स पूर्ण गेली असेल तर हीच वाट. असं तयार कार्ड विकत मिळतं; ज्याच्याकडे आधीच आहे तोही दुसऱ्या कार्डावर करून देऊ शकतो. मात्र मशीनच्या बुडावरचा मॉडेल नंबर आधी वाचा. ९०००० मालिकेतल्या, साधारण २००८ च्या अखेरीनंतर बनलेल्या स्लिम मशीनमधून सोनीने ही तपासणीच काढून टाकली, तिथे फ्री मॅकबूट चालत नाही. त्यांच्यासाठी २०२० मध्ये फ्री डीव्हीडी बूट आला. मशीनमधल्या डीव्हीडी प्लेअरच्या एका त्रुटीचा तो फायदा घेतो, पण त्याला एक डिस्क वाचावी लागते. तेव्हा अशा मशीनची लेन्स निदान कशीबशी वाचत असेल तरच ही वाट उपयोगी.

राहिला वेग, आणि निराशा होते ती इथेच. पीएस टूची यूएसबी पहिल्या पिढीची, १.१. तिचा कमाल वेग सेकंदाला १२ मेगाबिट, म्हणजे दीड एमबी; प्रत्यक्षात एक एमबीच्या आसपास. डीव्हीडी ड्राइव्ह मात्र पाच एमबीच्या वर देतो. पेनड्राइव्ह कितीही महागाचा आणा, भोक तेच. म्हणून मारामारीचे आणि क्रिकेटचे गेम मैदान एकदा भरलं की बहुधा निर्वेध चालतात, पण चित्रफीत लागली की आवाज तुटतो आणि मोठ्या शहरात गाडी पळवताना रस्ता उशिरा उमटतो. यात बिघाड काहीच नाही.

वेग हवा असेल तर स्लिमच्या लॅनच्या भोकातून वायर थेट लॅपटॉपला किंवा राउटरला जोडावी आणि गेम तिकडच्या फोल्डरमधून चालवावेत. यूएसबीपेक्षा फरक डोळ्यांना जाणवण्याइतका पडतो, चित्रफिती बऱ्याच सुधारतात. यासाठी ओपीएलला जुन्या पद्धतीचं फाइल शेअरिंग लागतं. नव्या विंडोजमध्ये ते सुरक्षेसाठी बंद असतं. रोजच्या कामाच्या लॅपटॉपवर ते उघडं ठेवू नये, घरातला एखादा जुना संगणक त्याला जुंपावा. जुना जाडा पीएस टू असेल तर त्याच्या पाठीत हार्ड डिस्कची जागाच आहे. नेटवर्क अडॅप्टर मिळाला तर हा उपाय सर्वांत उत्तम, डीव्हीडीपेक्षाही वेगवान. त्यासाठी मुंबईच्या लॅमिंग्टन रोडला एक फेरी मारावी लागली तरी मारावी. यूएसबीवर मोठी हार्ड डिस्क लावण्याच्या फंदात मात्र पडू नका. त्या भोकातून मिळणारी वीज अनेक डिस्कना पुरत नाही, आणि वेग तर वाढत नाहीच.

सेव्ह कुठे ठेवायचे याबद्दल माझं मत ठाम आहे. ओपीएल पेनड्राइव्हवर ८ एमबीचं खोटं मेमरी कार्ड करून देतो. सोय चांगली आहे, पण आपल्याकडे जोराचा वारा सुटला की लाइट जाते, आणि लिहिता लिहिता वीज गेली तर त्या फाइलीतले सगळे सेव्ह एकदम जाऊ शकतात. त्यापेक्षा सेव्ह खऱ्या कार्डावर ठेवावेत, तेही फ्री मॅकबूटच्या कार्डावर नाही, दुसऱ्या खाच्यातल्या वेगळ्या कार्डावर. राउटरला लावतो तसा छोटा यूपीएस असेल तर टीव्ही नाही, निदान मशीन त्यावर घ्यावं. प्रत काढून झालेल्या मूळ डिस्क हवाबंद डब्यात, सिलिका जेलच्या पुड्यांसोबत, उभ्या ठेवाव्यात आणि पुड्या दर पावसाळ्याआधी बदलाव्यात.