उणे गुणिले उणे अधिक का?

‘उणे गुणिले उणे अधिक’ हे शाळेत गेलेल्या बहुतेकांना पाठ असतं. ते तसं का, हे सांगणारे मात्र थोडेच भेटतात. पुष्कळ मुलांचं बीजगणिताशी बिनसतं ते इथंच, असं मला वाटतं. नियम पदरात पडतो, कारण सांगायचं राहून जातं.

हे कारण आपल्या रोजच्या गुणाकारातच आहे. २३ गुणिले १४ घ्या. २३ म्हणजे २० अधिक ३, १४ म्हणजे १० अधिक ४. इकडच्या प्रत्येक भागानं तिकडच्या प्रत्येक भागाला गुणायचं. २००, ८०, ३० आणि १२, एकूण ३२२. एक जरी जोडी सुटली, तरी उत्तर चुकलं. बीजगणितात कंसांचा गुणाकार करतात तो असाच. म्हणून ‘अ अधिक ब’चा वर्ग करताना अ वर्ग आणि ब वर्ग यांच्याबरोबर ‘अ गुणिले ब’ दोनदा घ्यावं लागतं.

आता १९ गुणिले १८ पाहू. १९ म्हणजे २० उणे १, १८ म्हणजे २० उणे २. पहिली जोडी ४०० ची. पुढच्या दोन उणे ४० आणि उणे २०. झाले ३४०. राहिली शेवटची जोडी, उणे १ गुणिले उणे २. खरं उत्तर १९ च्या पाढ्यावरून काढा : दहा वेळा १९०, आठ वेळा १५२, मिळून ३४२. म्हणजे त्या जोडीचे अधिक २ च व्हायला हवेत.

हे डोळ्यांनाही दिसतं. अंगणात २० ओळी, प्रत्येक ओळीत २० फरश्या आहेत असं समजा. एक आडवी ओळ काढली, २० गेल्या. दोन उभ्या ओळी काढल्या, ४० गेल्या. पण कोपऱ्यातल्या दोन फरश्या दोन्हींकडे मोजल्या गेल्या. दोनदा वजा झालेल्या त्या २ परत मिळवायलाच हव्यात.

ब्रह्मगुप्तांनी इ. स. ६२८ मध्ये ‘ब्राह्मस्फुटसिद्धान्त’ या ग्रंथात हा नियम सांगितला आहे. धन म्हणजे संपत्ती, ऋण म्हणजे कर्ज. तेच शब्द आपण अजून वापरतो. घरातलं मूल ‘असं का?’ म्हणून विचारेल, तेव्हा ‘पाठ कर’ म्हणू नका. कागद घ्या आणि त्याच्याकडून १९ गुणिले १८ मांडून घ्या.